लिया

सून बाळंतपणाला आळंदला, माहेरी. नात झाली त्याच्या चौथ्या दिवशी तिचा भालकीला फोन आला. “आई, बारशाला ‘लिया’ ठेवू या का? हिब्रू नाव आहे. मोबाइलवर अर्थ दिलाय, देवाची देणगी.”

मी “बघते” म्हटलं. सासूनं “बघते” म्हटलं की सुनेला काय ते कळतं! मरुदेवी, वामा, त्रिशला ही आपल्या तीर्थंकरांच्या मातांची नावं का संपली, असं माझ्या मनात.

बीदरच्या ख्रिस्ती मैत्रिणीकडून मराठी बायबल आणलं. त्यात ती ‘लेआ’. याकोबाची पहिली बायको; नवऱ्याचा जीव मात्र तिच्या धाकट्या बहिणीवर, राहेलवर. राहेल म्हणजे मेंढी. लेआचा अर्थ बरेच जण ‘थकलेली’ असा लावतात, काही पंडित ‘गाय’ म्हणतात. देवाची देणगी यात नाहीच. म्हटलं, थकलेल्या बायका आमच्या घरात पुष्कळ झाल्या, आता नावातही कशाला?

नाव परकं म्हणून नाकारावं, तर तेही पटेना. कोकणातल्या मराठी बोलणाऱ्या बेने इस्राएल लोकांनी अशी नावं कधीच आपलीशी केली. सॅम्युएलचा सामाजी झाला, इझिकेलचा हसाजी. मुंबईत १७९६ साली पहिलं सिनेगॉग बांधलं ते सामाजी हसाजी दिवेकरांनीच.

पुढं वाचलं. लेआनं आपल्या मुलांची नावं स्वतः ठेवली. पहिला रऊबेन, म्हणजे ‘पाहा, मुलगा’. चौथा यहूदा, म्हणजे स्तुती. ‘यहुदी’ हा शब्द त्याच्याच नावावरून आला.

तिथं मी थांबले. माझ्या दोन्ही मुलांची नावं मोठ्यांनी ठरवली, आत्यानं कानात सांगितली. माझं स्वतःचं नाव लग्नात ताटातल्या तांदळांवर बदललं. मला कुणी विचारलं नव्हतं.

सुनेला जे सापडलं ते सगळं सांगितलं. ती हसली. “थकलेली तर मीच आहे, आई. दोन रात्री डोळ्याला डोळा नाही. पण लिया म्हटलं की ही गप्प राहते.”

मैत्रिणींनो, अर्थ जरूर शोधा. मोबाइलवर बघाल तर जो तो ‘सुंदर’, नाहीतर ‘देवाची देणगी’. खरं काय ते सुनेला सांगा. ठरवू मात्र तिला द्या.

बारशाला आधी कानात णमोकार सांगितला, मग आत्यानं नाव. बायका अर्थ विचारतात. मी म्हणते, “तिच्या आईनं ठेवलंय.”