वखारीतल्या बायांची बातमी कुणी केली?

निपाणी म्हटलं की आम्हा पत्रकारांच्या डोक्यात तीन बातम्या तयारच असतात. सीमाप्रश्न, ऊसदर आणि तंबाखू. त्यातली तंबाखूची बातमी म्हणजे शेतकऱ्याची बातमी. १९८१ साली शरद जोशींच्या नेतृत्वाखाली झालेलं आंदोलन, एप्रिलमधला पोलीस गोळीबार, त्यात गेलेले शेतकरी. त्यांची आठवण आम्ही छापत आलो. छापलीच पाहिजे, त्याबद्दल दुमत नाही.

पण शेतातून निघालेला तंबाखू पुढं वखारीत जायचा. तिथं त्या धुरळ्यात दिवसभर बसून तो चाळणाऱ्या, निवडणाऱ्या बाया होत्या. त्यांची बातमी वीस वर्षांत मी एकदाही केली नाही. आणि माझी सख्खी आत्या वखारीत कामाला होती! ती घरी आली की पदराच्या वासानं आम्ही पोरं शिंकायचो आणि हसायचो. वखारीबद्दल माझी माहिती एवढीच.

मध्यंतरी एका मित्रानं दीपा धनराज यांचा माहितीपट पाहायला सांगितला. या बंगळूरच्या. १९८० साली त्यांनी काही सहकाऱ्यांना घेऊन 'युगांतर' नावाचा गट काढला. स्त्रियांच्या प्रश्नावर स्त्रियांनी एकत्र येऊन चित्रपट करायचा, हे तेव्हा आपल्या देशात नवीनच होतं. पहिला चित्रपट 'मोलकरीण', पुण्यातल्या घरकामगार बायांच्या लढ्यावर. आणि १९८२ साली 'तंबाखू चाकिला ऊब आली', आपल्या निपाणीच्या वखारीतल्या बायांवर. कृष्णधवल, जेमतेम पंचवीस मिनिटांचा. नावही आपल्याच बोलीतलं. चाळीस वर्षं हा चित्रपट जगात आहे, बर्लिनच्या संस्थेनं तो जपून ठेवला, आणि हाकेच्या अंतरावर राहणाऱ्या मला त्याचा पत्ता नाही.

त्यात कुणी तज्ज्ञ येऊन बायांबद्दल सांगत बसत नाही. बायाच बोलतात. मजुरी किती, धूळ किती, वरच्या माणसांची वागणूक कशी, आणि मग संघटना कशी उभी राहिली. चित्रपट करणाऱ्यांनी आधी तिथं राहून ऐकून घेतलं, मग कॅमेरा लावला. हे पाहताना लक्षात येतं.

गेल्या रविवारी मोबाईल घेऊन आत्याकडं गेलो. ती आता पंचाहत्तरीच्या पुढं. डोळ्यांजवळ धरून तिनं तो सगळा पाहिला. मग म्हणाली, "ह्यात मी कुठं दिसतोय का बघ की रं." दिसली नाही. मी म्हटलं, "आत्या, मोर्चाला गेली नव्हतीस काय?"

थोडा वेळ गप्प बसली. मग म्हणाली, "तुझ्या बानं सांगितलं हुतं, मोर्च्यात दिसलीस तर म्हायेर बंद."

माझे वडील शेतकरी आंदोलनात रस्त्यावर बसलेले. त्याचा आम्हाला आजही अभिमान आहे. तोच माणूस स्वतःच्या बहिणीला मात्र घामाचा दाम मागायला जाऊ नको म्हणाला. वडील आता नाहीत. त्यांना वाईट ठरवण्यासाठी हे लिहीत नाही. पण गोष्ट लपवलीही नाही पाहिजे. आपल्या घराघरांत हेच झालंय. बाप्यानं केलं तर आंदोलन, बाईनं केलं तर थेरं.

"मग गेलीस का?" मी विचारलं. आत्या हसली. "दुसऱ्या खेपंला गेलो. म्हायेर काय बंद झालं न्हाई."

पत्रकारितेच्या पदविकेत आम्हाला सहा ककार शिकवले. कोण, काय, कधी, कुठे, का, कसे. पण 'कुणाला विचारायचं' हे कुणी शिकवलं नाही. आम्ही पुढाऱ्याला विचारतो, मालकाला विचारतो, फौजदाराला विचारतो. बाईला विचारलंच तर शेवटी, 'प्रतिक्रिया' म्हणून, दोन ओळी. दीपाताईंनी आयुष्यभर याच्या उलट केलं. १९९१ साली 'समथिंग लाईक अ वॉर' या माहितीपटात त्यांनी कुटुंब नियोजनाच्या शस्त्रक्रियांच्या उद्दिष्टांमागचं वास्तव दाखवलं, तेही बायांनाच बोलतं करून. आम्ही त्याच काळात 'तालुक्याने उद्दिष्ट गाठले' अशा बातम्या छापत होतो.

आता कुणी म्हणेल, चित्रपटानं काय बदलतं? लगेच काही नाही. घरकामगारांसाठी कल्याण मंडळाचा कायदा महाराष्ट्रात व्हायला २००८ साल उजाडलं, 'मोलकरीण' त्याच्या सत्तावीस वर्षं आधीचा. पण तेव्हा बाया काय म्हणत होत्या याचा पुरावा तरी राहिला. नाहीतर उद्या कुणीही म्हणेल, त्यांची काही तक्रारच नव्हती.

वखारीत काम केलेल्या बाया आता थकल्यात. रोज कुठून ना कुठून मातीचा निरोप येतो. म्हणून एकच विनंती. तुमच्या घरात, गल्लीत अशी आत्या, मावशी, आज्जी असेल तर तिच्याजवळ बसा. मोबाईलवर रेकॉर्डिंग लावा आणि तिला बोलू द्या. मध्ये मध्ये आपली अक्कल चालवू नका.

मी सुरुवात केली आहे. आत्याचं दीड तासाचं बोलणं माझ्याकडं आहे. ते छापणार आहे, तिच्या भाषेत, वडिलांच्या त्या वाक्यासकट.