पानावरची चूक

मोहगावच्या पक्षकाराविरुद्ध मध्य प्रदेशातल्या सौंसरच्या दिवाणी न्यायालयात निकाल लागला की तो नक्कल घेऊन वकिलाच्या घरी येतो. "वकीलसाहेब, जज्जसाहेबांची चूक त्यांनाच दाखवू ना. तेच दुरुस्त करतील." वकील लगेच हो म्हणत नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 114 आणि आदेश 47 खाली न्यायालयाला स्वतःचा आदेश पुन्हा तपासता येतो, म्हणजे पुनर्विलोकन करता येते हे खरे, पण ती वाट फार अरुंद आहे. शिवाय मुदत अवघी 30 दिवसांची.

म्हणून तो निकाल बाजूला ठेवतो आणि आधी मूळ फाईल उघडतो. वादपत्र, जबाबदावा, साक्षी, लागलेले कागद. समजा, धुऱ्याच्या वादात मोजणीचा अहवाल पुराव्यात सिद्ध झालेला आहे आणि निकालात मात्र 'वादीने अहवाल दाखल केलाच नाही' असे लिहिले आहे. ही दर्शनी चूक, बोट ठेवून दाखवता येते. साक्षीदारावर विश्वास ठेवायला नको होता, ही तक्रार कितीही खरी असली तरी ती अपिलाची. आणि हुकूमनाम्यात खसरा क्रमांक 241 ऐवजी 214 टंकला गेला असेल, तर पुनर्विलोकनाचीही गरज नाही, कलम 152 पुरते.

या भेदाची कसोटी मुंबई राज्यातल्या कुळकायद्याच्या एका वादातून आली. सत्यनारायण हेगडे विरुद्ध मल्लिकार्जुन तिरुमले या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, जी चूक दाखवायला लांबलचक युक्तिवाद करावा लागतो आणि जिच्यावर दोन मते संभवतात, ती दर्शनी चूक नव्हे. मोहगावचा वकील ही कसोटी अगदी व्यवहारात वापरतो. चूक एका परिच्छेदात मांडून पाहायची. दुसरा परिच्छेद लागला की अर्ज बहुतेक टिकत नाही.

नव्या पुराव्याचे कारण घेऊन येणारेही बरेच. या भागातली घरे मध्य प्रदेश-महाराष्ट्र सीमेच्या दोन्ही बाजूंना पसरलेली. जमिनीच्या नोंदीला इकडे खसरा आणि बी-1, तिकडे नरखेड-काटोलला सात-बारा. निकालानंतर तिकडच्या चुलत्याच्या पेटीत जुने वाटणीपत्र सापडते. कायदा विचारतो: पुरेशी खटपट करूनही हा कागद आधी मिळणे शक्य नव्हते का? पेटीतल्या कागदाबद्दल ते पटवून देता येईल. तहसिलीतून कधीही मिळाली असती अशा नकलेबद्दल नाही. दुसऱ्याच एखाद्या खटल्यात वरच्या न्यायालयाने नंतर कायद्याचा अर्थ बदलला, तर तेही कारण चालत नाही. 1976 च्या दुरुस्तीने ते स्पष्टच केले.

मग लोक पुनर्विलोकनाचा एवढा आग्रह का धरतात? याचे उत्तर नकाशात आहे. 1936 ते 1956 या काळात या भागाचे उच्च न्यायालय नागपूरला होते. राज्यपुनर्रचनेत विदर्भ मुंबई राज्यात गेला, सौंसर ज्यात होते तो छिंदवाडा जिल्हा मध्य प्रदेशात राहिला आणि दुसरे अपील जबलपूरला जाऊ लागले. 2023 साली त्यातून सौंसरसह पांढुर्णा जिल्हा वेगळा झाला, तरी ती वाट बदलली नाही. बाजारहाटासाठी नागपूर आणि अपिलासाठी जबलपूर, हे अंतर शेतकऱ्याला परवडत नाही. हे दुःख खरे आहे आणि वकिलाला ते मनापासून कळते. तरीही खोटी आशा देणे त्याला अन्यायच वाटतो, कारण जिल्हा न्यायाधीशांकडच्या पहिल्या अपिलाची मुदतही 30 दिवसांचीच. चुकीच्या अर्जात ते दिवस गेले तर विलंबमाफी मागावी लागते, आणि ती हक्काने मिळत नाही. पुनर्विलोकन फेटाळल्याच्या आदेशावर अपीलही नाही.

न्यायालये स्वतःची चूक मानतच नाहीत, असे मात्र त्याला कोणी म्हटलेले खपत नाही. महाराष्ट्राचे माजी मुख्यमंत्री ए. आर. अंतुले यांचा खटला विशेष न्यायाधीशांकडून काढून मुंबई उच्च न्यायालयाकडे देण्याचा आदेश सर्वोच्च न्यायालयाने 1984 साली दिला होता. 1988 साली सात न्यायमूर्तींच्या पीठाने बहुमताने तो निर्देश मागे घेतला. खटला फौजदारी होता, पण न्यायालयाच्या चुकीने कुणाचे नुकसान होऊ नये हे त्यातले तत्त्व दिवाणी वकीलही आधाराला घेतात.

अर्ज करायचाच ठरला, तर वकील तो लहान ठेवतो. निकालाचे पान, ओळ, फाईलमधला कागद. जुन्या युक्तिवादातले एकही वाक्य नाही. निकाल देणारे न्यायाधीश अजून तिथेच असतील तर तेच अर्ज ऐकतात. बदली झाली असेल, तर त्यांच्या जागी आलेल्यांनी दावा कधी ऐकलेलाच नसतो, आणि त्यांच्यासाठी ते पान-ओळीचे आकडेच सगळा दावा असतात.