बिग बेसिनमधला फुटवा

सॅन होजेहून वळणावळणाच्या रस्त्याने बिग बेसिनला पोचलो, तर बाबा गाडीतून उतरता उतरताच म्हणाले, "अगं, हे जळकं जंगल दाखवायला आणलंस होय?"

जळकं होतंच. ऑगस्ट २०२० मध्ये विजा पडून लागलेल्या वणव्याने उद्यानाचा सुमारे ९७ टक्के भाग होरपळला. १९०२ पासूनचं हे कॅलिफोर्नियातलं सर्वांत जुनं राज्य-उद्यान, उंचच उंच रेडवुड झाडांचं. त्याचं जुनं लाकडी कार्यालयही गेलं. लोकांसाठी थोडा भाग पुन्हा उघडला तो थेट जुलै २०२२ मध्ये.

बाबांची सगळी नोकरी चंद्रपूरकडच्या सागाच्या जंगलात झाली. रेडवुडपाशी आलेला माणूस आधी मान वर करतो. बाबा मात्र बुंध्याशी उकिडवे बसले आणि कोळसा झालेल्या सालीत बोट घालून बघू लागले. ही साल फूटभर जाड असू शकते. तिच्यात टॅनिन भरपूर, राळ जवळजवळ नाही. त्यामुळे आग सहसा आत शिरत नाही, कीडही फारशी लागत नाही. शेजारचे डग्लस फर मरून वाळून उभे होते. रेडवुडची काळी खोडं मात्र बाटली धुवायच्या ब्रशसारखी खालपासून वरपर्यंत हिरव्या पालवीने भरलेली.

"सागही तोडला की बुंध्यातून फुटतो. पण एवढा जळून, शेंड्यापर्यंत?" बाबा उठून उभे राहिले. सालीखाली झोपलेले डोळे जागे होतात, हे त्यांना सांगावं लागलं नाही. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या संशोधनाचं मात्र नवल वाटलं: या पालवीसाठी झाडांनी कित्येक दशकांपूर्वी साठवलेली साखर वापरली होती, आणि काही डोळे हजार वर्षांहून जुने असावेत. झाडच दोन हजार वर्षं जगू शकतं म्हटल्यावर तेही पटतं.

"मुळं किती खोल?"

"दहा-बारा फूट. पण पसरतात शंभर फुटांपर्यंत."

म्हणूनच उत्तरेकडच्या 'हायपेरियन'भोवती, म्हणजे सुमारे ११६ मीटर उंचीच्या, जगातल्या सर्वांत उंच ज्ञात झाडाभोवती, माणसांना बंदी आहे. बघायला येणाऱ्यांनी भोवतालची जमीन तुडवून काढली होती. मला विचाराल तर उंचीचे विक्रम जाहीरच करू नयेत.

उन्हाळ्यात इथे पाऊस नसतो. समुद्रावरून येणारं धुकं पानं पितात, उरलेलं मुळांशी ठिबकतं. विहिरीवर जगणाऱ्या गावच्या माणसाला हे ऐकून हेवाच वाटला असावा. "आणि धुकं कमी झालं तर?" त्यांनी लगेच विचारलं. अभ्यासकांनाही तीच काळजी आहे.

पुढे एका जुन्या थोटकाभोवती कोवळ्या रेडवुडांचं कडं उभं होतं, सगळी त्याच मुळांतून फुटलेली. बाबा त्याला फेरी घालून आले.

"आमच्याकडे यातला एकच जोमदार ठेवला असता."

"आणि बाकीचे?"

"बल्ल्या!"