दोन्ही अंगांचं लाकूड

लाकडाच्या ठोकळ्यावर रेघ पेन्सिलीसारखी ओढता येत नाही. जिथे पटाशी चालते तिथे खोलगा होतो, रोलरची शाई तिथे पोचत नाही, कागद कोरा राहतो. छापात काळी रेघ हवी असेल तर रेघेला हात न लावता तिच्या दोन्ही अंगांचं लाकूड कोरून काढावं लागतं. छापाचित्रण शिकणाऱ्याचा हा अगदी सुरुवातीचा धडा. तो किती भयंकर असू शकतो, हे मला छापाचित्रकार झरीनांच्या 'डिव्हायडिंग लाइन' (2001) या वुडकटसमोर कळलं.

हातकागदावर भारत-पाकिस्तान सीमेची जाड, वळत जाणारी काळी रेघ. बाकी काही नाही. भोवती फक्त बारीक काळे ठिपके आणि ओरखडे: पटाशीच्या दोन घावांमध्ये लाकडाचे कंगोरे उरतात, ते शाई धरतात. एरवी असा 'कचरा' आपण पुन्हा कोरून साफ करतो. झरीनांनी तो ठेवला. साफ केला असता तर हाती नुसता नकाशा आला असता. ठेवला म्हणून इथे वस्ती होती, हे कळतं. शिवाय ठोकळ्यावर सगळं उलटं असतं. म्हणजे कोरताना त्यांच्या समोर भारत डावीकडे होता आणि पाकिस्तान उजवीकडे.

फाळणीची सीमा आखायला नेमलेले ब्रिटिश वकील रॅडक्लिफ 1947 च्या जुलैत पहिल्यांदा हिंदुस्थानात आले आणि पाचएक आठवड्यांत ती रेघ आखून परतले. झरीनांच्या घरातून ती आयुष्यभर गेली. जन्म 1937 चा, अलीगढचा. वडील तिथल्या विद्यापीठात इतिहासाचे प्राध्यापक. 1959 मध्ये कुटुंब कराचीला गेलं. झरीना पतीच्या परराष्ट्र सेवेतल्या बदल्यांमुळे बँकॉक, पॅरिस असं फिरत राहिल्या. पॅरिसला हेटर यांच्या 'अतेलिए 17' या छापाचित्रण कार्यशाळेत एचिंग शिकल्या, पुढे टोकियोत वुडकट, आणि अखेर न्यूयॉर्कला स्थिरावल्या. पदवी गणिताची, त्यांच्या छापांतले घरांचे काटेकोर आराखडे पाहताना ती आठवते.

बहीण राणीने त्यांना लिहिलेली, पण कधी टपालात न टाकलेली उर्दू पत्रं पुढे त्यांच्या हाती आली. 'लेटर्स फ्रॉम होम' (2004) मध्ये त्या हस्ताक्षरावरच त्यांनी आराखडे आणि नकाशे छापले. मजकूर काही ठिकाणी झाकला जातो. त्यांनी तो झाकू दिला, याला मी मोठं धाडस मानतो.

उत्तरकाळातलं सोन्याच्या वर्खाचं काम मला तितकं भिडत नाही. पण फाळणीवर मी पाहिलेल्या चित्रांत या एका काळ्या रेघेच्या तोडीचं दुसरं नाही. 2011 मध्ये व्हेनिस द्वैवार्षिकीत भारताचं पहिलं राष्ट्रीय दालन उभं राहिलं. मुंबईच्या रणजित होस्कोटे यांनी त्यासाठी निवडलेल्या कलावंतांत झरीना होत्या. 2020 मध्ये लंडनला त्यांचं निधन झालं.

पुस्तकातल्या छोट्या छायाचित्रात ते ठिपके नीट दिसत नाहीत. मूळ छाप पाहायची संधी मिळाली तर रेघेवरून नजर काढा आणि आधी तिच्या दोन्ही कडा जवळून पाहा.