एकाच किनाऱ्यावरून निघालेले

अलिबागजवळ नवगावात बेने इस्राएल या ज्यू समाजाची जुनी दफनभूमी आहे. गलबत फुटले, सात पुरुष आणि सात स्त्रिया तेवढ्या वाचल्या, बाकीच्यांना इथल्या मातीने पोटात घेतले, अशी त्यांची परंपरागत आठवण. वाचलेल्यांच्या वंशजांनी कोकणात तेलाचे घाणे चालवले. शनिवारी घाणा बंद, म्हणून गावाने त्यांना शनवार तेली म्हटले. पुढे किहीमकर, पेणकर, रोहेकर अशी गावे त्यांच्या आडनावांत येऊन बसली.

१९४८ नंतर यांतले बहुतेकजण इस्रायलला गेले. पिढ्यान्‌पिढ्या प्रार्थनेत जपलेले ते घर. पण तिथे लग्न जुळवताना त्यांच्या ज्यू असण्याचीच चौकशी होऊ लागली. निदर्शने करावी लागली, तेव्हा कुठे १९६४ मध्ये इस्रायलने त्यांना सर्वार्थाने ज्यू म्हणून मान्यता दिली. घरी पोचल्यावर घरच्यांनीच ओळख मागावी, यासारखे दुःख नाही. तरीही डिमोना आणि लोदमधल्या घरांत आजही प्रेषित एलियाहू हानबीच्या नावाने मलिदा होतो: गोड पोहे, नारळ आणि फळे. मंत्र हिब्रू, ताट कोकणी. मला हे ताट फार मोलाचे वाटते. त्यांनी एका घरासाठी दुसरे सोडले नाही.

त्याच कोकणातली दुसरी माणसे मुंबई बंदरातून मॉरिशसला गेली, उसाच्या मळ्यांत राबायला. गिरमिटाचा, म्हणजे करारबद्ध मजुरीचा, तो काळ १८३४ पासूनचा. पोर्ट लुईच्या आप्रवासी घाटाच्या पायऱ्या चढल्या की माणसाला क्रमांक मिळे. नाव कारकुनाला ऐकू येईल तसे लिहिले जाई, आणि पुढे तेच वेडेवाकडे नाव नातवंडांचे आडनाव होई. आडनावात गाव उरले नाही. तरी गणपती उरला. गणेश चतुर्थीला मॉरिशसमध्ये सार्वजनिक सुटी असते.

मॉरिशसमध्येच मोका इथल्या महात्मा गांधी संस्थेत त्या मजुरांच्या नोंदी जपल्या आहेत. खापरपणजोबांची नोंद काढून, रोमन लिपीत अर्धवट उमटलेले गावाचे नाव घेऊन कुणी कोकणात येतो. असा पाहुणा तुमच्या गावी आला, तर त्याला ग्रामपंचायतीचा रस्ता दाखवून मोकळे होऊ नका. आधी ग्रामदेवतेच्या देवळात न्या, आणि मग गावातल्या सर्वांत वयस्कर आजीकडे. ते नाव तिला मोठ्याने वाचून दाखवा.