सदाफुलीचं दुसरं नाव

सदाफुलीला कुणी जागा करून देत नाही, ती स्वतःच धरते. अंगणाच्या कडेला, विहिरीच्या कठड्याच्या फटीत, चाळीच्या गच्चीवर टाकून दिलेल्या कुंडीत, स्मशानाच्या भिंतीला लागून. वैशाखात वृंदावनातली तुळस मान टाकते तेव्हाही हिची पाच पाकळ्यांची गुलाबी-पांढरी फुलं उमलतच असतात. परडीत जास्वंद-मोगरा कमी पडला की हात हिच्याकडे वळतो. तमिळमध्ये ती नित्यकल्याणी, गुजरातीत बारमासी, हिंदीत सदाबहार. इतक्या भाषांनी तिच्यात एकच गोष्ट पाहिली, की ही फुलायची थांबत नाही. मल्याळममध्ये मात्र तिला शवंनारी असंही म्हणतात, प्रेताच्या वासाची. ते नाव मी प्रथम ऐकलं तेव्हा अंगावर काटा आला होता.

तिच्यापासून निघालेलं आणखी एक नाव रक्ताच्या कॅन्सरवर उपचार घेणाऱ्या मुलांच्या फायलींत लिहिलेलं असतं: विन्क्रिस्टिन. वॉर्डाबाहेरच्या बाकांवर ते फारसं ऐकू येत नाही. तिथली बोली वेगळी. ‘आज केमो आहे’, ‘तिसरी सायकल लागली’, ‘काउंट पडलेत म्हणून थांबवलंय’, ‘लाल औषध झालं, आता फक्त छोटं इंजेक्शन राहिलंय’. आपल्याकडे मुळात आजाराचंच नाव घेत नाहीत. घरातली थोरली माणसं ‘त्याला तसलं काही तरी निघालंय’ म्हणतात आणि आवाज खाली आणतात. जिथे दुखण्याचं नाव उच्चारायची भीती, तिथे औषधाचं नाव कोण विचारणार? या अबोल्याची मला मनापासून काळजी वाटते. म्हणून हे नाव उलगडून पाहावंसं वाटलं.

त्यातला ‘विन्’ हा ‘विंका’ या वनस्पतीच्या लॅटिन नावातून आला. विंका ही युरोपातली जमिनीवर पसरणारी वेल. बांधणं, गुंफणं या अर्थाच्या लॅटिन धातूशी तिचं नाव जोडतात, कारण तिच्या लांब लवचीक फांद्यांचे हार आणि मुकुट गुंफले जात. आपली सदाफुली मूळची मादागास्करची. ती वेल नाही, सरळ उभं राहणारं झुडूप आहे. तरी फुलाच्या साधर्म्यामुळे लिनियसने १७५९ मध्ये तिला विंका रोझिया म्हटलं. पुढे एकोणिसाव्या शतकात जॉर्ज डॉन या वनस्पतिशास्त्रज्ञाने तिला त्या वंशातून काढून कॅथरँथस, म्हणजे निर्मळ फूल, असं नवं नाव दिलं. वनस्पतिशास्त्राने विंका सोडलं, औषधशास्त्राने ते धरून ठेवलं. आणि ज्या झाडाशी बांधण्याचा काही संबंध नव्हता, त्याच्या पानांतून निघालेलं औषध पेशीत जाऊन नेमकं बांधण्याचंच काम करतं.

ते असं. पेशी दुभंगायच्या वेळी आपल्या आत बारीक दोऱ्या विणते. गुणसूत्रांच्या जोड्या या दोऱ्यांनी दोन्हीकडे ओढल्या जातात आणि एका पेशीच्या दोन होतात. या दोऱ्या ट्युब्युलिन नावाच्या प्रथिनाच्या कणांपासून बनतात. विन्क्रिस्टिन त्या कणांना धरून ठेवतं, मग दोरी विणलीच जात नाही. गुणसूत्रं पेशीच्या मध्यावर अडकतात, पुढेही जात नाहीत, मागेही नाहीत, आणि पेशी मरते. कॅन्सरच्या पेशी सारख्या दुभंगत असतात म्हणून मार त्यांना जास्त बसतो. पण तशाच दोऱ्या आपल्या मज्जातंतूंतही असतात. पोषणाच्या सामग्रीची त्या लांब तंतूंमधून याच दोऱ्यांच्या आधाराने ने-आण होते. म्हणून या औषधावर असलेल्या मुलाच्या बोटांना मुंग्या येतात, सदऱ्याचं बटण लागत नाही, चालताना पाऊल लोंबतं, जबडा दुखतो, पोट साफ होत नाही. आई म्हणते, ‘अशक्तपणा आलाय.’ तो अशक्तपणा नसतो. तो त्या औषधाचाच हात असतो, आणि डॉक्टरांना लगेच सांगण्यासारखा असतो.

या औषधाची वाट सापडली ती भलतंच काही शोधताना. क्लार्क नोबल हे कॅनडातले डॉक्टर. तरुणपणी टोरोंटोत इन्सुलिनवर काम करणाऱ्या बँटिंग आणि बेस्ट यांच्या वर्तुळातले. १९५२ मध्ये त्यांच्याकडे जमैकाहून एक पाकीट आलं, त्यात सदाफुलीची २५ पानं होती. तिथले लोक साखरेच्या आजारावर या पानांचा चहा करून पीत. हे वाचताना मला आपल्याकडचे कितीतरी चेहरे आठवले, सकाळी अनशापोटी सदाफुलीची पानं चावणारे. क्लार्क यांनी ती पानं आपला भाऊ रॉबर्ट नोबल यांच्याकडे पाठवली. रॉबर्ट तेव्हा वेस्टर्न ओंटारिओ विद्यापीठात संशोधन करत होते. पानांच्या अर्काने उंदरांची साखर काही उतरली नाही. अर्क टोचून दिला तेव्हा उंदीर जंतुसंसर्गाने मेले, आणि तपासल्यावर कळलं की त्यांच्या रक्तातल्या पांढऱ्या पेशी कोसळल्या होत्या. निष्फळ प्रयोग म्हणून तो बाजूला टाकता आला असता. रॉबर्ट यांनी उलटा विचार केला. पांढऱ्या पेशी बेसुमार वाढतात तोच तर रक्ताचा कॅन्सर. रसायनतज्ज्ञ चार्ल्स बिअर यांनी पानांतून तो पदार्थ शुद्ध करून काढला आणि १९५८ मध्ये या संशोधकांनी तो एका निबंधातून जगापुढे मांडला. त्या निबंधाच्या शीर्षकातच त्यांनी योगायोगाला श्रेय दिलं होतं. मला हा प्रामाणिकपणा फार मोठा वाटतो.

त्या पदार्थाचं पहिलं नाव विंकाल्युकोब्लास्टिन. त्यात झाडही होतं आणि रक्तातल्या कोवळ्या पांढऱ्या पेशीही होत्या. पुढे ते आखडून विनब्लास्टिन झालं. अमेरिकेतली एली लिली ही कंपनी त्याच सुमाराला त्याच झाडावर काम करत होती. तिथे गॉर्डन स्वोबोडा आणि सहकाऱ्यांना या कुळातलं दुसरं औषध मिळालं, ते विन्क्रिस्टिन. १९६३ मध्ये अमेरिकेत त्याला मान्यता मिळाली. पानांत हा ऐवज किती दुर्मीळ! १ ग्रॅम विनब्लास्टिनसाठी ५०० किलोहून अधिक वाळलेली पानं लागतात, आणि विन्क्रिस्टिन त्याहूनही कमी असतं. तामिळनाडूतल्या कोरड्या जमिनींवर सदाफुलीची शेती होते ती यासाठीही.

एकदा हे औषध हाताशी आल्यावर डॉक्टरांनी त्याची इतरांशी सांगड घातली, आणि नावांची अक्षरं जोडून नवी नावं झाली. लिम्फोमा या कॅन्सरच्या रुग्णांच्या घरात ‘चॉप’ हा शब्द रोजचा होतो. त्यातला शेवटचा ‘प’ प्रेडनिसोलोनचा, पहिल्या ‘च’मधला रोमन ‘सी’ सायक्लोफॉस्फमाइडचा. मधला ‘ओ’ विन्क्रिस्टिनचा आहे हे मात्र ऐकून कळणार नाही. तो आला ऑन्कोव्हिन या लिलीच्या व्यापारी नावावरून. आज भारतात रुग्णाच्या हातात पडणाऱ्या खोक्यावर दुसऱ्याच कुणाचं नाव असतं, तरी तो ‘ओ’ जगभर चालू आहे.

आपल्याकडच्या मुलांपर्यंत हे औषध शिस्तीने पोहोचवण्याचं मोठं काम १९८०च्या दशकात झालं. मुंबईचं टाटा मेमोरियल, दिल्लीचं एम्स आणि चेन्नईची कॅन्सर इन्स्टिट्यूट यांनी मुलांच्या रक्ताच्या कॅन्सरसाठी एमसीपी-८४१ हा एकच आराखडा स्वीकारला. त्यात विन्क्रिस्टिन होतं. टाटा मेमोरियलमध्ये त्या कामाच्या अग्रभागी असलेले डॉ. सुरेश अडवाणी स्वतः लहानपणी पोलिओ झाल्यामुळे चाकाच्या खुर्चीवर. ज्या आजारातून मूल वाचत नाही असं घरोघरी धरून चालत, त्यातून कितीतरी अधिक मुलं बरी होऊ लागली. टाटा मेमोरियलबाहेर, परळच्या फुटपाथवर गावाकडून आलेली कुटुंबं बोचकी घेऊन बसलेली दिसतात, त्यांच्या आशेच्या मुळाशी ती गुलाबी फुलंही आहेत.

माझ्या एका आतेबहिणीचा मुलगा या उपचारातून गेला. तिने शाळेची एक दोनशेपानी वही केली होती. डाव्या बाजूला तारीख, उजवीकडे त्या दिवशीच्या प्रत्येक औषधाचं नाव, मराठीत, डॉक्टरांना विचारून उच्चारासारखं लिहिलेलं. सिस्टर इंजेक्शन घेऊन आल्या की ती उठून उभी राहायची आणि विचारायची, ‘सिस्टर, हे विन्क्रिस्टिन ना? शिरेतूनच ना?’ सिस्टरही न कंटाळता म्हणायच्या, ‘हो ताई, शिरेतूनच.’ सासरच्यांना तो आगाऊपणा वाटे. मला तिचा अभिमान वाटतो, आणि त्याला कारण आहे.

विन्क्रिस्टिन फक्त शिरेतून द्यायचं असतं. याच मुलांना मणक्यातूनही एक औषध देतात, बहुधा मेथोट्रेक्सेट, आणि कधी कधी दोन्हींचा दिवस एकच येतो. विन्क्रिस्टिन चुकून मणक्यात गेलं तर माणूस सहसा वाचत नाही. इंग्लंडमध्ये नॉटिंगहॅमला २००१ मध्ये एक १८ वर्षांचा मुलगा असाच गेला, त्याचा कॅन्सर आटोक्यात आलेला असताना. अशी दुर्घटना अनेक देशांत झाली. २००७ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेने इशारा दिला की हे औषध सिरिंजमध्ये भरूच नये, छोट्या सलाईनच्या पिशवीत मिसळून द्यावं, म्हणजे ते मणक्यात टोचण्याचा प्रश्नच उरत नाही. एवढ्या साध्या बदलाला इतके जीव का जावे लागले, याचं उत्तर मला कुठे मिळत नाही.

दुसरा धोका खुद्द नावातच आहे. विन्क्रिस्टिन आणि विनब्लास्टिन ही सख्खी भावंडं. सुरुवात तीच, शेवट तोच. पण मोठ्या माणसाला विन्क्रिस्टिन एका वेळी सहसा २ मिलिग्रॅमच्या वर देत नाहीत, विनब्लास्टिनची मात्रा त्याच्या कितीतरी पट असते. एकाच्या जागी दुसरं गेलं तर अनर्थ. म्हणून इंग्रजीत लिहिताना मधली अक्षरं मोठ्या लिपीत छापतात, म्हणजे डोळा फरकावर जाऊन थांबतो. आपल्या देवनागरीत लहान-मोठी अक्षरं नाहीत. आपल्याला ‘क्रिस’ आणि ‘ब्लास’ यांच्यावर बोटच ठेवावं लागेल, खाली रेघ ओढावी लागेल.

तुमच्या घरात कुणाची केमो चालू असेल, तर एक वही करा. प्रत्येक औषधाचं मूळ नाव विचारा, खोक्यावरचं व्यापारी नाव वेगळं लिहा, ते कोणत्या वाटेने द्यायचं तेही लिहा. बोटांना मुंग्या, बद्धकोष्ठ, पडणारं पाऊल लपवू नका. बुरशीच्या संसर्गावरची काही औषधं विन्क्रिस्टिनची बाधा वाढवतात, म्हणून दुसऱ्या डॉक्टरांनी कोणतीही गोळी दिली तर ही वही त्यांच्यापुढे ठेवा. आणि कुणी कितीही मायेने सांगितलं तरी सदाफुलीच्या पानांचा काढा रुग्णाला देऊ नका, साखर उतरावी म्हणून स्वतःही ती पानं चावू नका. त्या पानांत किती विष आहे हे घरी मोजता येत नाही. आधीच दिला असेल, तर आजच डॉक्टरांना सांगा.