चातुर्मासातलं लग्न

लग्न करायचं हे आमचं दोघांचं कधीच ठरलं होतं, कधी करायचं तेवढं ठरत नव्हतं. नोकऱ्या, भाड्याचं घर, त्याच्या बहिणीचं बाळंतपण, काही ना काही निघायचं. आषाढात मला दिवस गेल्याचं कळलं आणि ‘बघू दिवाळीनंतर’ हे आमचं पेटंट उत्तर बादच झालं. तुळशीचं लग्न लागल्यावर मुहूर्त सुरू होतात, आणि तोवर मला आठवा लागला असता. तोपर्यंत मी लग्नांना गेले होते ती अक्षता टाकून जेवून येण्यापुरती. कुणाला कधी फोन करायचा, कोणता कागद कुठे द्यायचा, पैसे कशाला लागतात, यातलं मला काहीही ठाऊक नव्हतं.

पहिला सल्ला मैत्रिणीचा. आळंदीला जा, तिथे सगळं तयार असतं, अर्ध्या दिवसात परत याल. मला ते पटलंही. आईला फोन करून सांगितलं, तर ती बराच वेळ बोललीच नाही. मग म्हणाली, “आळंदीला कशाला? तुम्हाला अडवलंय का कुणी?” मूल येणार आहे हे तिला आदल्याच आठवड्यात कळलं होतं. ती रडली होती, रागावलीही होती. पण अडवलं खरंच कुणी नव्हतं. घाई आहे म्हणजे चोरून करायला हवं, हे माझ्या डोक्यात आपोआप बसलेलं समीकरण आईच्या एका प्रश्नाने सुटलं.

मग कायदा. ओळखीतल्या एका वकीलताईंकडे गेलो आणि वहीच काढून बसलो. त्यांनी दोन वाटा सांगितल्या. १९५५च्या हिंदू विवाह कायद्याने करायचं तर आधी रीतीप्रमाणे विधी. सप्तपदी असेल तर सातवं पाऊल पडलं की लग्न पूर्ण. नोंदणी त्यानंतर. दुसरी वाट १९५४च्या विशेष विवाह कायद्याची. तिथे आधी विवाह अधिकाऱ्याला नोटीस द्यायची, ती कार्यालयात फलकावर लागते, ३० दिवस कुणी हरकत घेतली नाही की लग्न. ‘विशेष विवाह’ फक्त वेगळ्या धर्माच्या जोडप्यांसाठी असतो असं मी समजत होते. तसं नाही, तो कुणालाही चालतो. आम्हाला दोघांनाही होम नको होता, म्हणून ही दुसरी वाट धरली. ताई म्हणाल्या, “मग आज घरी जाऊन बाकी काही करू नका. हॉल, साडी, पाहुणे सगळं नंतर. आधी नोटीस.” ३० दिवस नोटिशीपासून मोजतात, आपण ठरवल्यापासून नाही, हे तेव्हा कळलं.

नोटीस देणाऱ्यांपैकी निदान एकाचा विवाह अधिकाऱ्याच्या जिल्ह्यात सलग ३० दिवस रहिवास लागतो. माझं आधार कार्ड सांगलीचं, म्हणून मी धसका घेतला होता. पण त्याचा पत्ता पुण्याचा होता, आणि एकाचा पुरे. वयाचा पुरावा म्हणून शाळा सोडल्याचा दाखला लागला. तो बाबांनी कपाटातल्या लोखंडी पेटीतून काढून पाठवला, सोबत माझ्या दहावीच्या गुणपत्रिकेच्या प्रतीही, कुणी मागितल्या नसताना. नोटीस तीन महिने चालते. तेवढ्यात लग्न लागलं नाही तर पुन्हा पहिल्यापासून. म्हणजे श्रावणापासून आश्विनापर्यंतचे दिवस आमच्या हाती होते. पितृपक्ष आई मोजायलाही तयार नव्हती, गणपतीत घरचं कुणी रिकामं नव्हतं. उरला श्रावणाचा शेवट.

वकीलताईंना आईचा म्हणून एक प्रश्न मी विचारला होता, तो खरं तर माझाही होता. बाळाला पुढे कुणी काही म्हणेल का, कागदावर काही उरेल का? त्यांनी सांगितलं, मूल जन्माला येताना आईवडिलांचं लग्न कायदेशीर असलं की कायदा त्याला औरसच धरतो. दिवस कधी गेले याचा हिशेब तो मागत नाही. पूर्वी हे १८७२च्या पुरावा कायद्यात होतं, आता २०२३च्या भारतीय साक्ष्य अधिनियमात आहे. हे आईला जसंच्या तसं वाचून दाखवलं. तिने दोनदा वाचायला लावलं आणि मग विचारलं, “जेवायला किती माणसं?”

मुहूर्त हा मात्र तिचा हळवा कोपरा. चातुर्मासात लग्न म्हणजे तिला घास उतरेना. बाबांनी पंचांग उघडलं, तर चातुर्मासासाठीही आपत्काळातले मुहूर्त दिलेले होते. ‘आपत्काळ’ हा शब्द मला बोचला. आपत्ती कसली, बाळ येतंय. हे मी आईला स्पष्ट सांगितलं आणि तिने ते ऐकून घेतलं. शेवटी सकाळी कार्यालयात सह्या आणि संध्याकाळी गोरज वेळेला घरचा समारंभ असं ठरलं. वेळ आईची, विधी आमचा.

विधी म्हणजे काय करायचं, हे आम्हालाच माहीत नव्हतं. त्याच्या आजोळी सत्यशोधक पद्धतीने लग्नं होतात, एवढं त्याने ऐकलेलं. त्याच्या मामांना विचारलं. ते निवृत्त शिक्षक. त्यांनी सगळं पहिल्यापासून सांगितलं. जोतीराव फुल्यांनी २४ सप्टेंबर १८७३ला पुण्यात सत्यशोधक समाज स्थापन केला आणि त्याच वर्षी २५ डिसेंबरला भटजीशिवायचं पहिलं लग्न लागलं. १८८७मध्ये त्यांनी मराठी मंगलाष्टकांसह सगळे विधी छापले. ती मंगलाष्टकं मी त्या रात्री वाचली. त्यांत नवरी नवऱ्याला बायकांच्या हक्काचं विचारते आणि नवरा उत्तर देतो. मी आजवर मंगलाष्टकं म्हणजे अक्षता टाकण्याचा इशारा एवढंच समजत आले होते. त्यात नवरीला बोलायला जागा असू शकते, हे वाचून मी उठून बसले. मामा म्हणाले, पद्धतीचा गाभा ठेवा आणि शपथा स्वतःच्या लिहा. कन्यादान नाही, तांदळाऐवजी फुलं.

शपथा लिहायला आम्ही बसलो तेव्हा मोठमोठे शब्द पहिल्याच कागदावर संपले. सन्मान, साथ, समता. मग त्याने विचारलं, “रात्री बाळ रडलं तर कोण उठणार?” त्यावर आमची खरी चर्चा झाली. माझी रजा संपल्यावर कोण घरी थांबणार, माझा पगार कुणाच्या नावावर जाणार, सणाला आधी सांगली की आधी त्याचं गाव. जे ठरलं ते साध्या वाक्यांत लिहिलं. ‘समता’ एकदाही आली नाही, आणि ते वाचून मला धीर आला.

बाकीचं शरीराने ठरवलं. लग्नाच्या दिवशी नवरीने उपवास धरायचा ही आमच्याकडची रीत. डॉक्टरांनी ती ऐकताच नाही म्हटलं. वेळेवर खायचं, पाणी पीत राहायचं, फार वेळ उभं राहायचं नाही. पाटावर मांडी घालून बसणंही मला जड जात होतं, म्हणून आम्ही खुर्च्यांवर बसलो. आईची पैठणी अंगावर घेऊन पाहिली आणि लगेच घडी करून ठेवली, इतकं वजन झेपेना. मावशीने इरकल नऊवारी आणली. नेसवताना तिने गाठ नेहमीच्या जागी न बांधता पोटाखाली घेतली, दोन बोटं आत घालून पाहिली, श्वास घे म्हणाली, मग निऱ्या पोटावरून न दाबता बाजूने वळवून कासोटा घातला. “आमच्या आज्या नवव्यापर्यंत हीच नेसायच्या,” ती म्हणाली. ब्लाउज शिवणाऱ्या ताईंनी माप घेतानाच महिना विचारला होता आणि दोन्ही बाजूंना भरपूर माया ठेवली होती. ती लग्नाच्या सकाळी उसवावी लागली, आणि पुरली.

सगळ्यांत अवघड पाहुण्यांची यादी. आचारी पन्नास पानांखाली यायला तयार नव्हते, आणि आम्हाला तेवढीही नको होती. शेवटी चाळीस माणसं आणि दहा पानं शेजाऱ्यांना डब्यात, असं जमलं. न कळवता ज्यांच्या घरी आपण जेवायला बसू शकतो तेवढीच माणसं, हा आमचा नियम. त्या नियमात आत्या बसत नव्हती, कारण तिच्याकडे कळवल्याशिवाय गेलेलं तिला चालत नाही. मी तिला बोलावलंच. सगळ्यांना फोन मी स्वतः केले आणि प्रत्येकाला बाळाचंही सांगितलं. आई म्हणत होती, आल्यावर कळेलच की. मला माझ्याच लग्नात पदर सारखा करत बसायचं नव्हतं. बहुतेकांनी आधी अभिनंदन केलं, मग तारीख विचारली. एकाने फोन ठेवला. आत्या म्हणाली, “श्रावणात? असं लग्न असतं का?” आणि येणार की नाही ते सांगितलं नाही.

कार्यालयात तीन साक्षीदार लागतात. त्याची बहीण, मामा आणि माझी मैत्रीण. हार घाला, सह्या करा, एवढंच असेल असं मला वाटलं होतं. पण कायद्याप्रमाणे एक वाक्य बोलल्याशिवाय लग्न पूर्ण होत नाही. अधिकारी आणि साक्षीदारांसमोर, आपल्याला समजेल त्या भाषेत, मी अमुक तुम्हाला कायदेशीर पती म्हणून स्वीकारते. अधिकारीबाईंनी ते मराठीत सांगितलं, मी त्यांच्यामागून म्हटलं, आणि माझा आवाज अनपेक्षितपणे खणखणीत निघाला. त्याचा चिरकला.

संध्याकाळी अळूची भाजी, मसालेभात, जिलेबी, मठ्ठा. फोडणीच्या वासाने मळमळेल ही भीती होती, पण मी जिलेबी दोनदा मागून घेतली. शपथा वाचताना ‘रात्री आळीपाळीने उठू’ या ओळीला मागे कुणीतरी “लिहून घ्या” म्हणालं. बघते तर आत्या. ती उशिरा आली होती आणि पर्स मांडीवर घेऊन शेवटच्या रांगेत बसली होती. जाताना तिने माझ्या हातात पाकीट दिलं आणि सांगून टाकलं, सातव्यात डोहाळजेवण तिच्या घरी, आणि किती माणसं बोलवायची ते ती ठरवणार. मी हो म्हणाले.